साहेबांची खुर्ची जप्त... पण पैसे कधी?

"शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये" ही म्हण आपल्या घराघरात ऐकवली जाते. भाऊबंदकी असो, बांधाचं भांडण असो, मोठी माणसं हेच सांगतात. पण ज्याची जमीन सरकारनेच घेतली, त्याने काय करायचं? त्याने कोणाशी भांडण उकरून काढलेलं नसतं. एक दिवस कलम 4 ची नोटीस येते, मग मोजणीवाले येतात, खुणेचे दगड रोवले जातात, आणि सातबाऱ्यावरचं नाव बदलतं. मिळालेला भाव पटला नाही तर कायदाच त्याला सांगतो, की कोर्टात जा. म्हणजे इथे शहाणपणाचा प्रश्नच नाही, पायरी चढावीच लागते!

मित्रांनो, आपल्या मराठवाड्यातल्या पेपरांत एक बातमी वर्षातून दोन-चार वेळा तरी वाचायला मिळते. कोर्टाचा बेलिफ जप्तीचं वॉरंट घेऊन एखाद्या सरकारी ऑफिसात जातो. खुर्च्या, टेबलं, कॉम्प्युटर, कधी साहेबांची गाडी, अशी यादी होते. शेतकरी दारात उभा असतो. मग ऑफिसात धावपळ होते, वकिलांना फोन जातात, आणि शेवटी "अमुक तारखेपर्यंत पैसे भरतो" अशी लेखी हमी देऊन बेलिफला परत पाठवलं जातं. आपण बातमी वाचतो, "साहेबांची खुर्ची जप्त!" म्हणून हसतो आणि पान उलटतो. पण हसण्यासारखं त्यात खरंच काही आहे का? ज्या सरकारने कायद्याचं राज्य चालवायचं, त्याच सरकारच्या दारात कोर्टाला जप्तीचं वॉरंट पाठवावं लागतं, याचा अर्थ काय होतो?

आधी शब्दांचा घोळ मिटवू. माझं शिक्षण कॉन्व्हेंटमधलं. "निवाडा", "दरखास्त", "वाढीव मोबदला" हे शब्द मी शाळेत शिकले नाही, घरातल्या मोठ्यांच्या बोलण्यातून शिकले. भूसंपादन अधिकारी जो पहिला भाव ठरवून देतो तो निवाडा. तो पटला नाही तर 1894 च्या जुन्या भूसंपादन कायद्यातल्या कलम 18 प्रमाणे प्रकरण कोर्टाकडे जायचं, आणि कोर्ट वाढवून देईल तो वाढीव मोबदला. कोर्टाने वाढवून दिला तरी सरकारने तो भरलाच नाही, तर वसुलीसाठी पुन्हा कोर्टातच जो अर्ज करायचा ती दरखास्त. म्हणजे एकदा जिंकण्यासाठी कोर्ट आणि जिंकलेलं हातात पडण्यासाठी परत कोर्ट! इंग्रजांच्या काळात प्रिव्ही कौन्सिलने 1872 मध्येच म्हणून ठेवलं होतं, की हिंदुस्थानात पक्षकाराच्या अडचणी खऱ्या सुरू होतात त्या हुकूमनामा मिळाल्यावर. दीडशे वर्षं उलटून गेली, तरी ते वाक्य शिळं झालेलं नाही.

आणि हे फक्त म्हणण्यापुरतं नाही. सुप्रीम कोर्टाने ऑक्टोबर 2025 मध्ये देशभरातल्या प्रलंबित दरखास्तींचा आढावा घेतला, तेव्हा आकडा निघाला सुमारे 8 लाख 82 हजार. त्यात सगळ्यात वरचा नंबर आपल्या महाराष्ट्राचा, 3 लाख 40 हजारांच्या वर. या सगळ्या काही जमिनीच्या नाहीत, त्यात बँका आहेत, घरमालक आहेत, भाऊबंद आहेत. पण निकाल लागूनही पदरात काही न पडलेल्या माणसांची ही रांग आहे, आणि तिच्यात आपलं राज्य पहिलं आहे. अशा पहिल्या नंबरचा कोणी सत्कार करू नये!

आता "अवमान" या शब्दाकडे वळू. कोर्टाचा अवमान म्हटलं की आपल्याला वाटतं, कोणीतरी जजसाहेबांना शिवी दिली किंवा कोर्टात आरडाओरडा केला. पण 1971 च्या कायद्यात अवमानाचे दोन प्रकार आहेत. त्यातला दिवाणी अवमान म्हणजे कोर्टाचा आदेश जाणूनबुजून न पाळणं, किंवा कोर्टाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणं. यात कोणाचा आवाज चढत नाही, कोणी वाकडा शब्द बोलत नाही. फाइल एका टेबलावर गप पडून राहते, एवढंच. म्हणजे आपल्याकडे सगळ्यात जास्त अवमान होतो तो अतिशय नम्रपणे, "प्रस्ताव शासनाकडे पाठवला आहे" या एका वाक्यात!

याची शिक्षा किती? जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद, किंवा जास्तीत जास्त 2000 रुपये दंड, किंवा दोन्ही. आणि मनापासून माफी मागितली तर तीही माफ होऊ शकते. आता आपण इंजिनिअरिंगवाले, जरा हिशोब करू. जुन्या कायद्यात कोर्टाने वाढवलेल्या रकमेवर पहिल्या वर्षी 9 टक्के आणि त्यानंतर 15 टक्के व्याज आहे. एखाद्या शेतकऱ्याचे 10 लाख थकले असतील तर 15 टक्क्यांनी वर्षाला दीड लाख, म्हणजे रोजचे साधारण 411 रुपये. 2000 रुपयांचा दंड म्हणजे पाच दिवसांच्या व्याजाइतकासुद्धा नाही! आणि ते व्याज तरी कोण भरतं? फाइल दाबून बसलेला माणूस नाही. ते भरतो आपण सगळे, करातून. दहा वर्षं उशीर झाला तर 10 लाखांचे 25 लाख होतात. त्या वरच्या 15 लाखांत गावाच्या शाळेला दोन खोल्या झाल्या असत्या. ज्याने उशीर केला तो दरम्यान दोन-तीन बदल्या घेऊन, बढती घेऊन कदाचित रिटायरही झालेला असतो.

मला या विषयाची ओळख झाली ती आईच्या काकांमुळे. आम्ही त्यांना आबा म्हणतो. त्यांची जमीन पाझर तलावात गेली. संयुक्त मोजणी झाली तेव्हा त्यांच्या विहिरीची नोंद "जुनी, पडकी" अशी झाली. त्याच पडक्या विहिरीच्या पाण्यावर मोसंबीची दोनशे झाडं उभी होती! निवाडा 1998 चा, कोर्टाने भाव वाढवला 2010 मध्ये. त्यानंतर दरखास्त, जप्तीचं वॉरंट, लेखी हमी, पुन्हा वॉरंट. पैसे हप्त्याहप्त्याने आले, शेवटचा हप्ता अजून यायचा आहे. आबा आता एक्क्याऐंशी वर्षांचे आहेत. त्यांना मी एकदा विचारलं, "आबा, तुम्हाला राग नाही येत?" ते म्हणाले, "कोणावर करू पोरी? दर टायमाला खुर्चीत नवाच माणूस." मला वाटतं, सगळा प्रश्न आबांच्या या एका उत्तरात आहे. सरकार म्हणजे नक्की कोण, हेच सापडत नाही. कोर्टाचा आदेश कोणातरी माणसाला पाळावा लागतो, आणि आपल्या व्यवस्थेत तो माणूस कायम बदलून गेलेला असतो.

तुम्ही म्हणाल, मग सरळ अवमान याचिका टाकायची, साहेब जेलच्या भीतीने सरळ होतील. इतकं सोपं नाही. एकतर अवमानाची कारवाई एक वर्षाच्या आत सुरू करावी लागते. दुसरं म्हणजे अवमान याचिका ही वसुलीची पळवाट नाही, हे कोर्टांनीच वेळोवेळी सांगितलेलं आहे. पैशाचा हुकूमनामा असेल तर दरखास्तच करा, असं उत्तर मिळतं. हायकोर्टाने रिट याचिकेत "तीन महिन्यांत पैसे द्या" असा थेट आदेश दिला असेल, किंवा सरकारने कोर्टात हमी देऊन ती मोडली असेल, तर अवमानाचा रस्ता उघडतो. आणि त्यातही "जाणूनबुजून" हा शब्द आडवा येतो. निधी आला नाही, मंत्रालयातून मंजुरी नाही, अपील करायचं ठरतंय, असं एकदा शपथपत्रात लिहिलं की "जाणूनबुजून" सिद्ध करणं अवघड होऊन बसतं.

तरीही कोर्टाने मनावर घेतलं तर काय होतं, याचं उदाहरण आपल्याच राज्यातलं आहे. पुण्याच्या पाषाण भागातली सुमारे 24 एकर जमीन. सरकारने ती 1963 मध्ये ताब्यात घेतली आणि संरक्षण खात्याच्या एका संस्थेकडे गेली. मूळ मालक कोर्टात जिंकले, पण जमीन परत मिळेना. शेवटी सरकारने बदल्यात दुसरी जमीन दिली, तर ती निघाली वनखात्याची! ऑगस्ट 2024 मध्ये हे प्रकरण सुप्रीम कोर्टात न्यायमूर्ती भूषण गवई आणि न्यायमूर्ती के. व्ही. विश्वनाथन यांच्यासमोर आलं. सरकार साधारण 37 कोटी द्यायला तयार होतं, मालकाची मागणी 300 कोटींच्या वर होती. योग्य मोबदला ठरवला नाही तर "लाडकी बहीण" सारख्या योजना थांबवायला सांगू, असा इशारा कोर्टाने दिला. वाटायला हजारो कोटी आहेत, पण ज्याची जमीन घेतली त्याला द्यायला नाहीत, हा कोर्टाचा सवाल होता. त्यानंतर महसूल व वन खात्याच्या अतिरिक्त मुख्य सचिवांनी जे शपथपत्र दिलं, त्याची भाषा अशी होती की हिशोब कोर्टाला पटला नाही तरी कायद्याप्रमाणे मूल्यांकन करणं हे शासनाचं कर्तव्य आहे. जणू कोर्टाला कायद्याशी काही देणंघेणंच नाही! कोर्टाने अवमानाची नोटीस काढली आणि सप्टेंबर 2024 मध्ये सचिवांना स्वतः हजर राहून बिनशर्त माफी मागावी लागली.

याच्याही आधी, 2006 मध्ये, सुप्रीम कोर्टाने महाराष्ट्राचे मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना अवमानासाठी एक महिना कैदेची शिक्षा सुनावली होती. ते प्रकरण जमिनीच्या मोबदल्याचं नव्हतं, लाकडाच्या सॉ मिलना कोर्टाची बंदी असताना परवानगी दिल्याचं होतं. पण त्यातून एक गोष्ट स्पष्ट झाली, की खुर्ची कितीही मोठी असली तरी आदेश मोडायला ती पुरेशी नाही.

मला मात्र पाषाणची बातमी वाचताना आनंद कमी आणि काळजी जास्त वाटली. एका जमिनीसाठी साठ वर्षं, आणि शेवटी सुप्रीम कोर्टाने राज्याची योजना थांबवायची भाषा केल्यावर हालचाल! ज्याच्याकडे दिल्लीपर्यंत जायला वकील आहे त्याची ही गत. मग ज्याचं प्रकरण दोन एकरांचं आहे, जो एसटीने तालुक्याच्या कोर्टात येतो आणि तारीख घेऊन परत जातो, त्याचं काय? आपल्या शहरात हायकोर्टाचं खंडपीठ 1981 पासून आहे. मराठवाड्याचे आठ आणि अहिल्यानगर, जळगाव, धुळे, नंदुरबार असे एकूण 12 जिल्हे त्याच्याकडे येतात. हे खंडपीठ नसतं तर या सगळ्यांना मुंबई गाठावी लागली असती. म्हणजे दार जवळ आलं, यात वाद नाही. पण दाराच्या आत मिळालेला कागद बाहेर चालत नसेल, तर दार जवळ असून उपयोग किती?

दुसरी बाजूही बघू, नाहीतर हा लेख एकतर्फी होईल. सरकारी अधिकाऱ्यांची बाजू अगदीच पोकळ नाही. निवाड्याच्या कितीतरी पट वाढवलेले दर अपिलात टिकत नाहीत, असंही होतं. जनतेचा पैसा आहे, तो तपासून द्यायला हवा, अपील करणं हा सरकारचाही हक्क आहे. शिवाय अधिकाऱ्याच्या हातात पैसे नसतात, ते वरून यावे लागतात. सुप्रीम कोर्टानेही जानेवारी 2024 मध्ये बजावलं, की उठसूट अधिकाऱ्यांना कोर्टात बोलावू नका, त्यांच्या कपड्यांवर वगैरे शेरे मारू नका. हे सगळं मला मान्य आहे. पण एक गोष्ट लक्षात घ्या. नुसतं अपील दाखल केलं म्हणजे स्थगिती मिळाली असं होत नाही. आदेश चुकीचा वाटतो? अपील करा, स्थगिती मागा. स्थगिती मिळाली नाही? पैसे भरा. मधला तिसरा रस्ता, म्हणजे स्थगितीही नाही आणि पैसेही नाहीत, हा कोणत्याही कायद्यात लिहिलेला नाही. आणि आपलं सरकार नेमकं याच रस्त्याने चालतं! दिवाणी कायद्याच्या कलम 82 प्रमाणे सरकारविरुद्धच्या हुकूमनाम्याची वसुली तीन महिने करताच येत नाही. म्हणजे सामान्य माणसाला न मिळणारी सवलत सरकारला आधीच मिळालेली आहे. त्यानंतरही वेळ लागतो, ही तक्रार कोणी ऐकून घ्यायची?

आणि मनात आणलं तर हेच सरकार किती भराभर पैसे देतं, तेही आपण पाहिलंय. समृद्धी महामार्ग 701 किलोमीटरचा, आपल्या जिल्ह्यातून गेला. तिथे थेट खरेदी केली, रेडीरेकनरच्या हिशोबाने पाचपटीपर्यंत भाव दिला, पैसे बँकेच्या खात्यात जमा झाले. विरोध तिथेही झाला, तक्रारी तिथेही आहेत. पण पैसे देणं अशक्य नसतं, हे तर सिद्ध झालं ना? रस्ता लवकर हवा होता म्हणून पैसे लवकर मिळाले. पाझर तलाव बांधून झाला, पाणी अडलं, आता मालकाची गरज कोणाला? ताबा घेईपर्यंत घाई आणि ताबा मिळाल्यावर आराम, असं हे गणित आहे.

मग उपाय काय? कंट्रोल सिस्टिम शिकताना आपण क्लोज्ड लूप शिकतो. आउटपुट मोजायचं, इनपुटशी ताडून बघायचं, फरक असेल तर दुरुस्ती करायची. कोर्टाचा आदेश सध्या ओपन लूपमध्ये आहे. आदेश निघाला, पुढे पाळला की नाही हे मोजण्याची जबाबदारी शेतकऱ्यावरच! ती सरकारवर टाकायला हवी. माझ्या मते तीन गोष्टी व्हाव्यात. एक, प्रत्येक जिल्ह्याने आपल्याविरुद्धच्या थकलेल्या हुकूमनाम्यांची यादी, रक्कम आणि रोज वाढणारं व्याज, जाहीर लावावी. दोन, प्रकल्पाच्या अंदाजपत्रकातच वाढीव मोबदल्यासाठी वेगळी तरतूद ठेवावी, म्हणजे "निधी नाही" हे उत्तर संपेल. तीन, मुदत संपल्यानंतरचं व्याज कोणाच्या टेबलावर वाढलं हे शोधून त्याची नोंद त्याच्या सेवापुस्तकात व्हावी. बदली झाली तरी सेवापुस्तक सोबत जातं! या तीन गोष्टी झाल्या तर अवमान याचिकांची गरजच बरीच कमी होईल. शिक्षा हे शेवटचं औषध आहे, ते रोजचं जेवण होऊ नये.

घटनेतला मालमत्तेचा मूलभूत हक्क 1978 च्या 44 व्या दुरुस्तीने गेला, पण कलम 300-अ राहिलं. कायद्याच्या आधाराशिवाय कोणाचीही मालमत्ता काढून घेता येणार नाही, असं ते सांगतं. एमआयडीसीसाठी ठाणे जिल्ह्यात 1964 मध्ये घेतलेल्या जमिनीचा मोबदला वर्षानुवर्षं दिलाच गेला नव्हता. 2012 मध्ये सुप्रीम कोर्टाने त्या प्रकरणात मालमत्तेचा हक्क हा मानवी हक्क आहे असं मानलं आणि सरकारला चांगलंच सुनावलं. जमीन सार्वजनिक कामासाठी घ्या, पण तिची किंमत एकट्या शेतकऱ्याने का भरायची?

हे सगळं कॉलेजच्या अंकात का लिहितेय, असं काही जणांना वाटेल. "हे लॉ कॉलेजवाल्यांचं काम," असं माझी रूममेट म्हणालीच! पण जरा आजूबाजूला बघा. आपल्या शहराच्या नळाला येणारं पाणी जायकवाडीचं. त्या धरणाची पायाभरणी 1965 मध्ये लालबहादूर शास्त्रींनी केली आणि 1976 मध्ये इंदिरा गांधींनी त्याचं उद्घाटन केलं, हे आपण जीकेमध्ये पाठ करतो. नाथसागराच्या तळाशी कोणाची गावं आहेत, हे मात्र कोणी पाठ करत नाही. वाळूज, शेंद्रा, बिडकीन, जिथे आपण प्लेसमेंटची स्वप्नं बघतो, तिथेही आधी कोणाची तरी ज्वारी आणि कापूस होता.

आणि उद्या आपल्यातलेच काही जण पाटबंधारे खात्यात, पीडब्ल्यूडीमध्ये, हायवे अथॉरिटीत जातील. संयुक्त मोजणीच्या कागदावर सही करणारे आपणच असू. विहीर चालू की पडकी, झाडं दोनशे की वीस, पाइपलाइन आहे की नाही, हे त्या एका कागदावर ठरतं. उन्हात शेवटच्या बांधापर्यंत चालत जायचा कंटाळा केला, की त्या एका ओळीपायी कोणाची तरी तीस वर्षं कोर्टात जातात. सर्व्हेइंगच्या प्रॅक्टिकलला आपण रीडिंग "अॅडजस्ट" करतो आणि जर्नल सबमिट करतो. तिथे फार तर मार्क जातात. शेतात मात्र एखाद्याचं आयुष्य जातं.

तेव्हा मित्रमैत्रिणींनो, कायदा बदलायचा तेव्हा बदलेल, कोर्ट आपलं काम करेल. आपल्या हातात दोन गोष्टी आहेत. उद्या मोजणीला गेलात तर विहिरीत डोकावून बघा, पाणी किती आहे ते मोजा आणि तेच लिहा. आणि कधी आपल्या टेबलावर कोर्टाचा आदेश आलेली फाइल आली, तर ती खालच्या कप्प्यात न ठेवता त्याच दिवशी पुढे पाठवा. कुठेतरी एक आबा तिची वाट बघत असतील.